कोयना : नदीचा प्रवाह, जलविद्युत आणि विस्थापन

प्रस्तावना :
कोयना प्रकल्पाचे मूल्यमापन बहुधा वीजनिर्मितीच्या आकड्यांवरून केले जाते. परंतु या प्रकल्पाचा लाभ आणि त्याची किंमत यांची वाटणी कशी झाली, हे समजण्यासाठी नदीच्या प्रवाहापासून आरंभ करणे आवश्यक ठरते.

नदीचा प्रवाह :
महाबळेश्वरच्या पठारावर उगम पावणारी कोयना सह्याद्रीच्या मुख्य रांगेला समांतर, दक्षिणेकडे सुमारे ६५ किलोमीटर वाहते. हेळवाकजवळ ती पूर्वेस वळते व कऱ्हाड येथे कृष्णेला मिळते. दक्षिणवाहिनी टप्प्यात तिचे खोरे घाटमाथ्याला लागून आहे. पश्चिमेस कोकणची खोल उतरण असल्याने बोगद्यातून पाणी तिकडे वळविल्यास मोठी जलशक्ती हाती येते. प्रकल्पाचा पाया हाच होय.

प्रकल्पाची वाटचाल :
१९५४ मध्ये कामास प्रारंभ झाला व १९६२ मध्ये पोफळी येथील भूमिगत केंद्रातून वीजनिर्मिती सुरू झाली. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे झालेल्या भूकंपात दीडशेहून अधिक माणसे दगावली. धरणाला तडे गेले व पुढे त्याचे मजबुतीकरण करावे लागले. जलाशय आणि भूकंप यांच्या संबंधाच्या अभ्यासात कोयना हे जगभर महत्त्वाचे उदाहरण ठरले. पश्चिमेस वळविलेले पाणी वीजनिर्मितीनंतर वाशिष्ठीतून अरबी समुद्रास मिळते; कृष्णा खोऱ्यास ते परत लाभत नाही. म्हणूनच बच्छावत लवादाने या वळवणुकीस वार्षिक ६७.५ टीएमसीची मर्यादा घातली. चौथ्या टप्प्यासाठी १९९९ मध्ये जलाशयाच्या तळाशी छिद्र पाडण्याचा, म्हणजेच ‘लेक टॅपिंग’चा प्रयोग यशस्वी झाला. प्रकल्पाची एकूण स्थापित क्षमता १,९६० मेगावॅट झाली.

विस्थापितांचा प्रश्न :
शिवाजीसागर जलाशयात जमिनी गेलेली कुटुंबे सातारा, सांगली, सोलापूर, रायगड, ठाणे इत्यादी जिल्ह्यांत विखुरली. राज्याचा पुनर्वसन कायदा मात्र १९७६ चा, म्हणजे जलाशय भरल्यानंतर दशकाहून अधिक काळाने आलेला. १९८५ मध्ये उर्वरित खोऱ्यात अभयारण्य घोषित झाल्याने मागे राहिलेल्या गावांवरही निर्बंध आले. २०१८ मध्ये कोयनानगर येथे प्रकल्पग्रस्तांनी दीर्घ ठिय्या आंदोलन केले, ते याच थकलेल्या हिशेबासाठी.

निष्कर्ष :
भूगोलाने कोयनेला जलशक्ती दिली. तिचे लाभ कोणाला व भार कोणावर, हे मात्र राज्यसंस्थेच्या निर्णयांनी ठरविले. वीज राज्यभर पोहोचली, पण ज्यांच्या जमिनींवर ती उभी राहिली त्यांचे हक्क कायद्याने उशिरा मान्य केले. कोयनेचा इतिहास लिहिताना या दोन्ही नोंदी एकाच पानावर असणे अगत्याचे आहे.