दुर्बिणीआधीची वही

मलकापूर असो की पन्हाळा, कोल्हापूर जिल्ह्यातल्या कुठल्याही उंचवट्यावर कितीही मोठी दुर्बीण लावली तरी कृष्णविवर थेट दिसायचं नाही. प्रकाशच बाहेर पडत नाही, तर दिसणार काय? म्हणूनच या विषयाचा आपल्याकडचा इतिहास वेधशाळेच्या घुमटापेक्षा गणिताच्या वहीत शोधावा, असं माझं म्हणणं आहे. कोल्हापूरचे विष्णु वासुदेव नारळीकर केंब्रिजहून परतले आणि १९३२ पासून बनारसला गणित शिकवू लागले. त्यांच्याकडे संशोधनासाठी आलेल्या प्र. चु. वैद्य यांनी १९४३ साली प्रारण फेकणाऱ्या, म्हणजेच वस्तुमान घटत जाणाऱ्या ताऱ्याभोवतीचं गुरुत्वक्षेत्र मांडलं. ताऱ्याभोवतीच्या क्षेत्रासाठी श्वार्झशिल्डनं १९१६ मध्ये काढलेल्या उत्तरात हे झिजणं धरलेलंच नव्हतं. वैद्यांच्या मनात कृष्णविवर नव्हतं, असा आक्षेप कुणी घेईल. खरं आहे, इंग्रजीतलं त्याचं नाव रूढ व्हायलाच १९६७ उजाडलं. पण कृष्णविवरही प्रारण टाकत झिजतं, असं हॉकिंग यांनी १९७४ मध्ये मांडलं आणि त्या झिजेच्या अभ्यासाला वैद्यांचं सूत्र आयतं मिळालं. त्याच वर्षी विष्णुपंतांचे चिरंजीव जयंत यांनी मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेत ‘कृष्णविवर’ ही कथा ‘नारायण विनायक जगताप’ या टोपणनावानं धाडली आणि पहिलं बक्षीस पटकावलं. आद्याक्षरं उलटी वाचली की लेखक सापडतो.

जयंतरावांनी १९८८ मध्ये पुण्यात उभारलेल्या आयुका या खगोलविज्ञान संशोधन केंद्रात संजीव धुरंधर आले. कृष्णविवरं एकमेकांत मिसळताना उठणारी, पण यंत्राच्या गोंगाटात बुडालेली गुरुत्वलहर ओळखायची तर तिचा अपेक्षित आकार आधी गणितानं काढून तो नोंदींशी ताडून पाहायचा. त्यासाठी असे किती नमुने लागतील, हे धुरंधर आणि त्यांचे सहकारी सत्यप्रकाश यांनी १९९१ मध्ये मांडलं. १४ सप्टेंबर २०१५ची पहिली लहर मात्र नमुन्यांवाचून चालणाऱ्या शोधपद्धतीनं आधी टिपली, मग या खटाटोपाचं मोल काय? हा आक्षेप जास्त वजनदार आहे. ती लहर ठसठशीत होती. सूर्याच्या सुमारे ३६ आणि २९ पट वस्तुमानाची विवरं एकमेकांत मिसळली होती. २६ डिसेंबरची दुसरी लहर गोंगाटात इतकी दडलेली होती की ती नमुने ताडूनच हाती लागली. या लहरी टिपणारी लायगोची यंत्रं अमेरिकेची होती, हे मान्यच. पण काय शोधायचं हे ठाऊक नसतं तर त्या यंत्रांतून ती डिसेंबरची लहर निसटलीच असती. आता हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ चार-चार किलोमीटर बाहूंची लायगो-इंडिया ही तशीच वेधशाळा व्हायची आहे. केंद्रीय मंत्रिमंडळानं तिच्या २,६०० कोटींच्या खर्चाला एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली.