महानोर, नामदेव धोंडो

(१६ सप्टेंबर १९४२ – ३ ऑगस्ट २०२३). मराठी कवी, चित्रपटगीतकार, प्रयोगशील शेतकरी आणि महाराष्ट्र विधान परिषदेचे राज्यपालनियुक्त सदस्य. जन्म पळसखेडे (ता. सोयगाव, जि. छत्रपती संभाजीनगर, पूर्वीचा औरंगाबाद) येथे एका गरीब शेतकरी कुटुंबात. हे गाव अजिंठ्याच्या डोंगरपायथ्याशी आहे. राज्यकारभाराच्या दृष्टीने ते १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात मोडत असे. बाजारहाट, बोली आणि पाण्याचा उतार पाहता मात्र ते खानदेशचेच. महानोरांचे शिक्षणही ही जुनी सीमा ओलांडून शेंदुर्णी व जळगाव येथे झाले. महाविद्यालयातील पहिल्या वर्षानंतर शिक्षण सोडून ते शेतीकडे परतले आणि अखेरपर्यंत शेतकरीच राहिले. त्यांच्या सार्वजनिक जीवनाचा अर्थ लावताना ही गोष्ट नजरेआड करून चालत नाही.

'रानातल्या कविता' (१९६७) या पहिल्याच संग्रहाने त्यांचे नाव झाले. खानदेशाने यापूर्वी धरणगावचे बालकवी आणि आसोद्याच्या बहिणाबाई चौधरी हे दोन थोर निसर्गकवी मराठीला दिले होते. बालकवींचा निसर्ग पाहणाऱ्याचा, तर बहिणाबाईंचा राबणाऱ्याचा. महानोरांच्या कवितेत या दोन्ही दृष्टी एकत्र आल्या. त्यांत लोकगीताची लय आणि शृंगाराचा मोकळा आविष्कार यांची भर पडली. 'वही' (१९७०), 'पावसाळी कविता' (१९८२), 'प्रार्थना दयाघना' व 'पानझड' हे त्यांचे इतर महत्त्वाचे संग्रह होत. 'गांधारी' ही कादंबरी, तसेच परिसरातील लोकगीतांचे 'पळसखेडची गाणी' हे संकलनही त्यांच्या नावावर आहे. गो. नी. दांडेकर यांच्या कादंबरीवर आधारलेल्या 'जैत रे जैत' (१९७७) या चित्रपटातील गीतांमुळे ते घरोघरी पोहोचले. या चित्रपटाचे दिग्दर्शक जब्बार पटेल व संगीतकार हृदयनाथ मंगेशकर होते. 'सर्जा', 'एक होता विदूषक', 'मुक्ता' आणि 'दोघी' या चित्रपटांसाठीही त्यांनी गीते लिहिली.

भारतीय संविधानाच्या १७१व्या अनुच्छेदानुसार वाङ्मय, शास्त्र, कला, सहकारी चळवळ व समाजसेवा या क्षेत्रांतील व्यक्तींना राज्यपाल विधान परिषदेवर नियुक्त करतात. महाराष्ट्रात ७८ सदस्यांपैकी अशा १२ जागा आहेत. कवी ग. दि. माडगूळकर हे यांपैकी एका जागेवर १९६२ पासून बारा वर्षे होते. महानोरांची नियुक्ती प्रथम १९७८ मध्ये, वयाच्या छत्तिसाव्या वर्षाच्या आसपास झाली; दुसऱ्यांदा १९९० मध्ये. दोन्ही वर्षी शरद पवार मुख्यमंत्री होते व महानोरांचा त्यांच्याशी निकटचा स्नेह होता, हे सर्वश्रुत आहे. तथापि या सभासदत्वाची मुदत सहा वर्षांची असते आणि ते मंत्रिमंडळावर अवलंबून नसते. फेब्रुवारी १९८० मध्ये पवारांचे मंत्रिमंडळ बरखास्त झाले, तरी परिषदेतील नियुक्त सदस्यांची मुदत त्यामुळे संपली नाही.

नियुक्त सदस्याला मतदारसंघ नसतो; त्यामुळे मतदारांचा धाक नसतो, तसेच त्यांचे बळही नसते. अर्थविषयक विधेयकांवर परिषदेचा निर्णय बंधनकारक नसतो. कलावंताची ही जागा सभागृहाचे भूषण ठरून संपण्याचा धोका म्हणूनच फार. महानोरांनी ती कोरडवाहू शेती, जलसंधारण आणि फळबागा यांसाठी वापरली. १९७२ च्या दुष्काळाची झळ त्यांनी प्रत्यक्ष सोसली होती. त्या दुष्काळात मजुरांना काम देण्यासाठी विस्तारलेली रोजगार हमी योजना परिषदेचे तत्कालीन सभापती वि. स. पागे यांच्या विचारातून साकारली होती व तिचा कायदा १९७९ मध्ये अंमलात आला. हमीच्या कामावरील श्रम खडी फोडण्यात जिरावेत की पाणी अडवण्यात व झाडे लावण्यात, हा पुढील काळातील खरा वादविषय होता. १९९० मध्ये शासनाने फळबाग लागवड या योजनेशी जोडली व शेतकऱ्याच्या स्वतःच्या जमिनीवरील लागवडीची मजुरी त्यातून देण्याची सोय केली. या निर्णयाचे श्रेय एकट्या महानोरांना देणे अतिशयोक्तीचे होईल. परंतु खडकाळ रानात सीताफळाची बाग स्वतः उभी केलेला सदस्य सभागृहात त्याविषयी बोलतो, तेव्हा त्या बोलण्याला वेगळे वजन येते. 'शेतीसाठी पाणी' हे त्यांचे पुस्तक याच अनुभवातून आले आहे, आणि त्यांची सभागृहातील भाषणे 'विधिमंडळातून' या पुस्तकात वाचावयास मिळतात. ही भाषणे कविता म्हणून वाचू नयेत. ती विहिरीच्या पाण्याच्या पातळीविषयी आहेत.

याच प्रश्नाचे दुसरे उत्तर तापीच्या उत्तरेस शिरपूर (जि. धुळे) तालुक्यात मिळाले. 'जैत रे जैत' ची नायिका स्मिता पाटील हिचे कुटुंब मूळचे शिरपूरचे. तिचे वडील शिवाजीराव पाटील हे स्वातंत्र्यसैनिक व राज्याचे मंत्री. म्हणजे त्या घरात राजकारण आधी आले व कला मागाहून. या तालुक्यात २००४ च्या सुमारास भूवैज्ञानिक सुरेश खानापूरकर यांनी आमदार अमरीशभाई पटेल यांच्या पाठबळाने नाले खोल व रुंद करून त्यांवर दरवाजे नसलेले सिमेंटचे बंधारे बांधले. 'शिरपूर पॅटर्न' म्हणून हे काम गाजले. तापीकाठचा गाळाचा थर आणि सातपुड्याकडील काळा खडक पाणी सारखे मुरू देत नाहीत. म्हणून ही पद्धत सरसकट सर्वत्र लागू करण्यास तज्ज्ञांनी हरकत घेतली, आणि ती रास्त होती. मात्र निवडून आलेल्या आमदाराच्या हाती जे साधन असते, ते नियुक्त कवीच्या हाती कधीच नव्हते, हा फरक येथे स्पष्ट दिसतो.

'अजिंठा' (१९८४) या दीर्घ काव्यात महानोर पुन्हा आपल्या गावच्या डोंगराकडे वळले. ईस्ट इंडिया कंपनीने लेण्यांतील चित्रांच्या प्रतिकृती करण्यासाठी १८४४ मध्ये नेमलेला रॉबर्ट गिल आणि लेणापूरची पारो यांची ही कथा आहे. पारो १८५६ मध्ये वारली. तिची समाधी अजिंठा गावात आहे. गिलच्या बहुतेक प्रतिकृती १८६६ मध्ये लंडनच्या क्रिस्टल पॅलेसला लागलेल्या आगीत जळाल्या. या काव्यावर नितीन चंद्रकांत देसाई यांनी २०१२ मध्ये चित्रपट काढला.

महानोरांना पद्मश्री (१९९१), 'पानझड' साठी साहित्य अकादेमी पुरस्कार (२०००), जनस्थान पुरस्कार (२००९), तसेच राज्य शासनाचा कृषिभूषण हा सन्मान लाभला. देसाई यांच्या मृत्यूच्या दुसऱ्याच दिवशी पुणे येथे त्यांचे निधन झाले.