अल्लाबंध

पृथ्वीला संस्कृतात 'अचला' असे एक नाव आहे, आणि 'अचल' म्हणजे तर पर्वतच. ज्यांनी ही नावे ठेवली त्यांना भूकंप ठाऊक नव्हता असे नव्हे. शेषाने मस्तक हलविले की धरणी कापते, आणि तो स्वस्थ झाला की तीही पूर्ववत् होते, अशी आपली जुनी समजूत आहे. कंप थांबल्यावर धरणी पूर्वीपेक्षा निराळी झालेली असू शकेल, हा विचार त्या समजुतीत बसत नाही. आम्ही इतिहास लिहिणारे लोकही बहुधा याच समजुतीत वावरतो. राजे बदलतात, सरहद्दी बदलतात, परंतु जमीन म्हणजे नाटकाची रंगभूमी. ती कशाला बदलते! आज ज्या प्रसंगाचा विचार करावयाचा आहे, त्या प्रसंगी कच्छच्या रणात जमीन एका संध्याकाळी उचलली गेली आणि सिंधू नदीच्या एका फाट्याची वाट अडली. तेथील लोकांनी त्या नव्या उंचवट्याला 'अल्लाबंध' असे नाव दिले. या नावात किती शहाणपण साठविलेले आहे हे कळावयास पंडितांना पाऊणशे वर्षे लागली.

प्रथम त्या प्रदेशाची पूर्वस्थिती पाहू. कच्छच्या उत्तरेस व पूर्वेस पसरलेले रण म्हणजे वाळवंट नव्हे. पावसाळ्यात ते पाण्याखाली जाते, उन्हाळ्यात त्यावर मिठाची पांढरी साय धरते. मध्ये बेटासारखे काही उंचवटे तेवढे कोरडे राहतात. या रणाच्या पश्चिम कडेने पूर्वी सिंधू नदीचा एक पूर्वेकडील फाटा समुद्रास मिळे. त्याच्या मुखाशी लखपत हे बंदर वसलेले होते, आणि त्याच्या गोड्या पाण्यावर आसपास भातशेती होई. १७६२ मध्ये सिंधचा राजा गुलामशाह कल्होरा याने कच्छवर स्वारी केली. झाराच्या डोंगरावर घनघोर लढाई झाली. पण कच्छ काही त्याच्या हाती लागले नाही. त्यानंतर त्याने आपल्या मुलखात मोरा येथे या फाट्यावर मातीचा बांध घातला. तलवारीने जे साधले नाही ते पाणी तोडून साधावे, असा त्याचा हेतू होता असे सांगतात. पुढे तालपूर मीरांच्या अमदानीतही असेच बांध पडले. परिणाम असा झाला की एकोणिसावे शतक उजाडले तेव्हा लखपतच्या वरचा तो फाटा नदी राहिला नव्हता, भरती-ओहोटीची खारी खाडी झाला होता. लखपतच्या उत्तरेस या खाडीच्या काठी सिंद्री नावाचे एक ठाणे होते. विटांची लहानशी गढी, आणि येणाऱ्या-जाणाऱ्या मालावर जकात घेणारे कच्छच्या रावाचे शिपाई, एवढाच तिचा थाट.

तारीख १६ जून १८१९, वेळ दिवेलागणीच्या सुमाराची. पुण्यात शनिवारवाड्यावरचे निशाण बदलून अद्याप पुरती दोन वर्षेही झाली नव्हती, आणि कंपनीचा अंमल कच्छच्या दरबारात नुकताच शिरत होता. अशा वेळी दोन-तीन मिनिटे जमीन हादरली. भुज शहरात सुमारे ७,००० घरे पडली आणि हजाराहून अधिक माणसे दगावली. तिकडे दूर अहमदाबादेस जामा मशिदीचे मिनार कोसळले. ही हानी भयंकर खरी. परंतु भूकंपात घरे पडणे यात अपूर्व असे काही नव्हते. अपूर्व ते रणात घडले. सिंद्रीच्या भोवतालची जमीन खाली बसली आणि समुद्राचे पाणी खाडीच्या वाटेने आत लोटले. गढी बुडाली, एक बुरूज तेवढा वर राहिला. त्यावर चढलेल्या माणसांना दुसऱ्या दिवशी होड्यांतून सोडवून आणण्यात आले. आणि उत्तरेकडे, सिंद्रीपासून पाच मैलांच्या आसपास, जेथे काल क्षितिजापर्यंत सपाट रण होते तेथे आज पूर्व-पश्चिम गेलेला एक लांबच लांब उंचवटा दिसत होता. त्याची लांबी पन्नास मैलांच्या घरातली, उंची कोठे दहा फूट, कोठे त्याहून अधिक. खाडीचे जुने पात्र त्याच्याखाली मध्येच तुटले होते.

लोकांनी याला टेकडी म्हटले नाही, डोंगर म्हटले नाही, बंध म्हटले. साठ वर्षे ते बांधांनीच गांजलेले होते. एक बांध गुलामशाहचा, दुसरा मीरांचा, आणि हा तिसरा कोणाचा? माणसाने घातलेला नव्हे, म्हणून अल्लाचा. जमीन वर आली, आणि त्यामुळे पाणी अडले, या दोन्ही गोष्टी त्या एका शब्दात नोंदविल्या गेल्या. ऐतिहासिक कागदपत्रांत आम्ही नेहमी शिक्का आणि सही शोधतो. हा दस्तऐवज बिनसहीचा, पण अस्सल आहे.

सहीशिक्क्याचे कागदही सुदैवाने आहेत. भुजचा रेसिडेंट कॅप्टन जेम्स मॅकमर्डो याने भूकंपाची हकीगत लिहून पाठविली. ती मुंबईच्या लिटररी सोसायटीने, म्हणजे आजच्या एशियाटिक सोसायटीच्या पूर्वज संस्थेने, १८२३ मध्ये छापली. ती छापलेली पाहावयास मॅकमर्डो उरला नव्हता. १८२० मध्येच तो वारला होता. त्याच्यामागून अलेक्झांडर बर्न्स आला. पुढे काबूलला जाऊन मारला गेला तोच हा बर्न्स. परंतु त्याची रणातील कामगिरी आम्हांस त्याच्या काबूलच्या राजकारणाहून मोलाची वाटते. १८२६ मध्ये सिंधूला मोठा पूर आला. पुराने वरचे मानवी बांध फोडले, अल्लाबंधालाही भगदाड पाडले, आणि काही काळ लखपतपर्यंत गोडे पाणी आले. पुढल्या वर्षी बर्न्स तेथे गेला तेव्हा नदीने चिरलेल्या त्या बंधाचे अंतरंगच त्याला पाहावयास मिळाले: शिंपल्यांनी भरलेली चिकणमाती. १८२८ मध्ये तो होडीने सिंद्रीच्या बुरुजापाशी गेला तेव्हा चहूकडे पाणीच पाणी होते, आणि उत्तरेस बंधाची निळसर रेघ तेवढी दिसत होती.

बर्न्सची हकीगत लंडनला चार्ल्स लायेल या भूशास्त्रज्ञाच्या हाती पडली. भूतलाची घडण एखाद्या आदिकालीन प्रलयाने झाली नसून, आजही आपल्या डोळ्यांसमोर चाललेल्या क्रियांनीच ती थोडी थोडी होत आली आहे, हे त्याचे प्रतिपादन. अशा माणसाला अल्लाबंध म्हणजे घरबसल्या मिळालेला साक्षीदारच. त्याने आपल्या ग्रंथात सिंद्रीचे चित्रही छापले. त्या काळी धिणोधरच्या डोंगरातून ज्वाळा निघाल्याची बातमी पसरली होती, तीही अशा हकीगतींबरोबर युरोपात पोचली. धिणोधर हा काही जागा ज्वालामुखी नव्हे. पण एका खऱ्या साक्षीबरोबर एखादी ऐकीव गोष्ट फुकट प्रवास करून जाते, हा अनुभव आम्हांस नवा नाही.

पुढे एदुआर्ट झ्यूस या थोर ऑस्ट्रियन भूशास्त्रज्ञाने शंका काढली. त्याचे म्हणणे असे की जमीन वर आलीच नाही. दक्षिणेची बाजू खचली, म्हणून उत्तरेची बाजू उंच दिसली. आपण घाटाच्या पायथ्याशी उभे राहिलो म्हणजे देश उंच वाटतो, देशावरून पाहिले तर कोकण खोल वाटते; तसलाच हा वाद. सिंद्री बुडाली होती हे तर सर्वांसच मान्य. मग लोक म्हणतात ते खरे की झ्यूस म्हणतो ते?

याचा निवाडा पाण्याने केला. गवंडी ज्याप्रमाणे पाणसळ लावून भिंतीची पातळी पाहतो त्याप्रमाणे नदीचे पात्र ही जमिनीची पाणसळ असते. केवळ दक्षिणेची जमीन खचली असती तर वरून येणारे पाणी अधिकच वेगाने दक्षिणेस धावले असते. अडण्याचे त्याला कारण नव्हते. ज्याअर्थी पात्र अडले त्याअर्थी त्याच्या आड जमीन वर आलीच पाहिजे. बेकर नावाच्या लष्करी इंजिनियराने १८४४ मध्ये बंधाची रीतसर मोजणी केली होती. तिच्यात कमाल उंची वीस फुटांच्या आसपास भरली, आणि बंध दक्षिणेकडे उभा व उत्तरेकडे हळूहळू उतरत जाणारा दिसला. या मोजणीच्या आधारे भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षण खात्याच्या आर. डी. ओल्डम याने शतकाच्या अखेरीस दाखवून दिले की उत्तरेची बाजू खरोखरीच उचलली गेली आहे. रणातल्या लोकांचा शब्द असा विद्येच्या दरबारात कायम झाला.

उचलणे आणि खचणे ही दोन्ही एकाच क्रियेची अंगे कशी, याचा उलगडा मात्र आमच्या काळात झाला. कोट्यवधी वर्षांपूर्वी दक्षिणेकडील महाखंड फुटत असता कच्छची भूमी ताणली जाऊन तिच्यात खोल विभंग पडले, आणि त्यांच्या अनुरोधाने जमिनीचे तुकडे खाली घसरले. पुढे भारताचा भूपट्ट उत्तरेस सरकत जाऊन आशियाच्या भूमीस भिडला. तो आजही दरवर्षी चार-पाच सेंटिमीटर, म्हणजे आपल्या बोटाची नखे वाढतात जवळजवळ तितक्याच गतीने, पुढे रेटतो आहे. या रेट्याने हिमालय उभा राहिला. परंतु त्याचा दाब दूर आतपर्यंत पोचतो, आणि जे विभंग एकदा ताणाने उघडले होते तेच आता उलट दाबले जातात. शतकानुशतके दाब साठतो आणि एके दिवशी उत्तरेचा खडक दक्षिणेच्या खडकावर चढतो. चढणारी बाजू वर येते, तिच्या पुढची बाजू खाली वाकते. अल्लाबंध आणि बुडालेली सिंद्री ही अशी एकाच हालचालीची दोन चिन्हे आहेत.

२६ जानेवारी २००१ रोजी कच्छमध्ये पुन्हा तसाच प्रचंड भूकंप झाला. भचाऊ, अंजार, भुज ही गावे उद्ध्वस्त झाली, सहस्रावधी माणसे मेली. त्या वेळी मात्र कोठे नवा बंध दिसला नाही. खोलवरचा तो विभंग भूपृष्ठापर्यंत फुटून आलाच नाही. रणात ठिकठिकाणी वाळूमिश्रित पाणी उसळले एवढेच. जमिनीवर खूण नसली म्हणजे खाली काही नाही, असे मानणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावे. आपल्याकडे १९९३ मध्ये किल्लारीस ज्या भूमीने दगा दिला तीही स्थिर भूमी म्हणूनच गणली जात होती.

राहिली लखपतची गोष्ट. हे शहर भूकंपाने नदी पळविल्यामुळे उजाड झाले, असे सरसकट सांगितले जाते. आम्हांस हे पुरते मान्य नाही. भातशेती १८१९ च्या कितीतरी आधी बुडाली होती. नदीचा गळा गुलामशाहने आणि मीरांनी आवळला होता, आणि १८२६ च्या पुराने तर सिद्ध केले की पुरेसे पाणी सोडले तर ते अल्लाबंधालाही फोडून जाते. भूकंपाने शेवटचा घाव घातला यात शंका नाही, परंतु आधीच्या घावांचा हिशेब माणसांच्या नावे मांडला पाहिजे. निदान रणातल्या लोकांनी तो निराळा मांडला होता. म्हणून तर त्यांना या बंधापुढे 'अल्ला' हा शब्द जोडावा लागला. जमादार फतेह महंमदाने १८०१ मध्ये बांधलेला लखपतचा कोट आजही बव्हंशी उभा आहे. आत वस्ती थोडकी आहे, आणि तटावरून उत्तरेस पाहिले तर रण दिसते.