प्रतिमांचा वाद आणि कॉन्स्टँटिनोपलचे पॅट्रिआर्क

आठव्या शतकाच्या आरंभी बायझंटाइन साम्राज्याची राजधानी कॉन्स्टँटिनोपल येथील पॅट्रिआर्कची, म्हणजे मुख्य बिशपाची, निवड कागदोपत्री बिशपांच्या हाती होती. प्रत्यक्षात सम्राटाच्या मनात असेल त्याच्याच गळ्यात माळ पडत असे. नेमलेल्याला आसनावरून उतरवणेही सम्राटाला फारसे जड जात नसे. तरीही श्रद्धेचा सिद्धान्त नुसत्या राजाज्ञेने बदलता येत नव्हता. त्यासाठी पॅट्रिआर्कची संमती लागे आणि शक्यतो बिशपांच्या धर्मसभेचा ठरावही लागे. ज्याला आपणच नेमले त्याच्या होकारासाठी सम्राटाला अडून बसावे लागे. इ. स. ७२६ च्या सुमारास पेटलेल्या आणि ८४३ मध्ये मिटलेल्या प्रतिमावादात या अडचणीने अनेक पॅट्रिआर्कांचे आसन गेले, आणि एकाचे डोकेही.

वाद होता तो येशू, मरिया आणि संतांच्या चित्रांचा. लाकडी फळीवर रंगवलेल्या किंवा भिंतीवर मोझेइकमध्ये बसवलेल्या या प्रतिमांपुढे भाविक दिवे लावत, धूप जाळत, त्यांचे चुंबन घेत. ही प्रथा सातव्या शतकात विशेष वाढली. त्याच शतकात सिरिया, पॅलेस्टाइन आणि इजिप्त हे साम्राज्याचे सुपीक प्रांत अरबांनी जिंकले. एवढी संकटे येण्याइतके आपले चुकले तरी काय, हा प्रश्न मग धर्माचाच झाला. मूर्ती करू नकोस, तिला वंदन करू नकोस, ही मोशेला मिळालेली आज्ञा तर सर्वांना पाठच होती.

सम्राट तिसरा लिओ (७१७–७४१) हा सिरियाच्या सीमेवरील जर्मनिकेयाचा. गादीवर येताच त्याने अरबांचा वर्षभराचा वेढा परतवून राजधानी वाचवली. ७२६ मध्ये एजियन समुद्रातील थेरा बेटाजवळ ज्वालामुखीचा भयंकर स्फोट झाला. हा देवाचा कोप आहे असे मानून लिओ प्रतिमांवर उलटला, असे नंतरचे इतिवृत्तकार सांगतात. मात्र त्या वेळचा पॅट्रिआर्क जर्मानोस याची जी पत्रे टिकली आहेत, त्यांत वेगळे चित्र दिसते. नाकोलेयाचा बिशप कॉन्स्टंटाइन आणि क्लॉडिओपोलिसचा बिशप थॉमस यांनी प्रतिमांवर आक्षेप घेतले होते आणि जर्मानोस त्यांना समजावत होता. पहिली ठिणगी आशिया मायनरमधील बिशपांमध्येच पडली होती. लिओने राजवाड्याच्या चाल्के दरवाजावरील ख्रिस्ताची प्रतिमा उतरवल्याची कथा पुढे फार गाजली, पण ती मागाहून रचलेली असावी असे अनेक आधुनिक संशोधकांना वाटते.

जानेवारी ७३० मध्ये लिओने दरबार भरवला आणि जर्मानोसकडे संमती मागितली. जर्मानोस काही आजन्म बंडखोर नव्हता. ७१२ मध्ये सम्राट फिलिप्पिकोसने ख्रिस्ताला एकच इच्छा होती असे मानणारे जुने एकेच्छावादी मत पुन्हा लादले, तेव्हा सिझिकसचा बिशप म्हणून त्याने मान तुकवली होती. या खेपेला मात्र धर्मसभेशिवाय श्रद्धेत बदल होऊ शकत नाही, अशी भूमिका घेऊन तो पायउतार झाला आणि आपल्या घराण्याच्या वाडीत जाऊन राहिला. त्याचाच सहायक अनास्तासिओस त्याच्या जागी आला. रोममध्ये पोप तिसऱ्या ग्रेगरीने ७३१ मध्ये सभा घेऊन प्रतिमाविरोधकांना बहिष्कृत केले. प्रतिमांच्या बाजूने सर्वांत भक्कम युक्तिवाद आला तो साम्राज्याबाहेरून. दमास्कसचा योहान हा खलिफांच्या राज्यात राहणारा, त्यामुळे सम्राटाचा हात त्याच्यापर्यंत पोहोचत नव्हता. ख्रिस्ताच्या रूपाने देवच माणूस झाला, म्हणून त्या मानवी रूपाचे चित्र काढता येते, आणि प्रतिमेला केलेले वंदन मूळ व्यक्तीला पोहोचते, असे त्याचे म्हणणे होते.

लिओचा मुलगा पाचवा कॉन्स्टंटाइन (७४१–७७५) बापापेक्षा कडवा आणि बुद्धीने तल्लख होता. राज्याच्या आरंभीच त्याचा मेहुणा आर्तावास्दोस याने राजधानी बळकावली आणि पॅट्रिआर्क अनास्तासिओसने त्याची बाजू घेतली. ७४३ मध्ये कॉन्स्टंटाइनने शहर परत घेतले, तेव्हा अनास्तासिओसला फटके मारून, गाढवावर उलटे बसवून हिप्पोड्रोम या शर्यतीच्या मैदानात फिरवण्यात आले. एवढे करून त्याला पुन्हा त्याच आसनावर बसवले. ७५४ मध्ये मरेपर्यंत तो तेथेच होता. ज्याची अब्रू गेली आहे असा पॅट्रिआर्क सम्राटाला अधिक सोयीचा वाटला असावा.

प्रतिमाबंदीला सिद्धान्ताचे रूप मिळाले ते ७५४ च्या हिएरिया येथील सभेत. बॉस्पोरसच्या आशियाई काठावरील राजवाड्यात ३३८ बिशप १० फेब्रुवारीपासून ऑगस्टपर्यंत बसले. पॅट्रिआर्कचे आसन तेव्हा रिकामे होते. रोम, अलेक्झांड्रिया, अँटिओक आणि जेरुसलेम यांचे कोणीही आले नव्हते, आणि सभा सार्वत्रिक नव्हतीच असे विरोधकांना पुढे म्हणता आले ते यामुळेच. सम्राटाने स्वतः लिहिलेल्या टिपणांतला मुद्दा सभेने उचलला. ख्रिस्त एकाच वेळी देव आणि माणूस आहे. चित्रकार फक्त माणूस रंगवत असेल तर तो ख्रिस्ताचे दोन तुकडे करतो. दोन्ही रंगवल्याचा दावा करत असेल तर अमर्याद देवत्वाला रेषांत कोंडतो. ख्रिस्ताची खरी प्रतिमा एकच, ती म्हणजे प्रभुभोजनाची भाकर आणि द्राक्षारस. हा तर्क हलका नव्हता. मूर्तिपूजेच्या सरधोपट आरोपापेक्षा तो कितीतरी वरच्या पातळीचा होता आणि त्याचे उत्तर शोधण्यात प्रतिमासमर्थकांच्या दोन पिढ्या गेल्या.

सभेच्या अखेरीस सिलायोनचा बिशप कॉन्स्टंटाइन पॅट्रिआर्क झाला. बारा वर्षांनी सम्राटाविरुद्धच्या कटाचा संशय त्याच्यावर आला; ७६७ मध्ये त्यालाही गाढवावरून फिरवण्यात आले आणि त्याचा शिरच्छेद झाला. त्याच्यानंतरचा निकितास हा स्लाव वंशाचा. त्याने आपल्या कचेरीच्या दालनांतली संतांची मोझेइक चित्रे काढून तेथे क्रूस बसवले. राजधानीच्या आया सोफिया या मुख्य चर्चला लागून असलेल्या त्या दालनांत हे क्रूस आजही दिसतात. बाजूची जुनी नावे खोडल्याच्या खुणाही तेथे आहेत.

सम्राट कॉन्स्टंटाइनचा खरा रोष मठांवर होता. ७६५ मध्ये राजधानीच्या रस्त्यावर जमावाने धाकटा स्टीफन या साधूला ठार केले. पुढच्या वर्षी साधूंना एकेका स्त्रीचा हात धरायला लावून हिप्पोड्रोममध्ये मिरवले. थ्राकेसियोन प्रांताचा सेनापती मिखाएल लाखानोद्राकोन याने एफिससमध्ये साधूंना लग्न करा नाहीतर डोळे गमवा, असे बजावले. या छळामागे प्रतिमांचा प्रश्न किती आणि मठांची वाढती स्वायत्तता किती, हे वेगळे काढणे कठीण आहे. बहुतेक बिशप सम्राटाच्या धोरणाशी जुळवून घेत. साधूला मात्र गमावण्यासारखे पद नव्हते, आणि लोक सल्ल्यासाठी व पापनिवेदनासाठी त्याच्याकडे जात.

७८० मध्ये पाचव्या कॉन्स्टंटाइनचा मुलगा सम्राट चौथा लिओ वारला आणि नऊ वर्षांच्या मुलाच्या नावाने राणी इरिनी राज्य पाहू लागली. ७८४ मध्ये पॅट्रिआर्क पावलोसने आसन सोडले. इरिनीने त्या जागी कोणा बिशपाला वा साधूला न आणता आपला गृहस्थ सचिव तारासिओस याला निवडले. काही दिवसांत सर्व दीक्षा देऊन नाताळला त्याचा अभिषेक झाला. धर्मसभा भरवण्याच्या अटीवरच त्याने पद स्वीकारले होते. ७८६ मध्ये कॉन्स्टँटिनोपलमधील पवित्र प्रेषितांच्या चर्चमध्ये सभा सुरू झाली, तोच पाचव्या कॉन्स्टंटाइनच्या आठवणीशी इमान राखणारे राजधानीचे सैनिक तलवारी उपसून आत घुसले आणि सभा मोडली. इरिनीने अरबांवरील मोहिमेच्या निमित्ताने ते सैन्य शहराबाहेर काढले, निःशस्त्र केले आणि पुढच्या सप्टेंबरात नायकिया येथे सभा पुन्हा बोलावली.

नायकियाच्या सभेने प्रतिमांना द्यायचा आदर आणि फक्त देवाची करायची उपासना यांत स्पष्ट भेद केला. हिएरियाचा ठराव एकेका परिच्छेदाने वाचून खोडण्यात आला; तो आज उपलब्ध आहे तो या खंडनामुळेच. प्रतिमाविरोधी पुस्तके कॉन्स्टँटिनोपलच्या बिशपवाड्यात जमा करावीत, असाही नियम झाला. म्हणून आज या वादाची एकच बाजू भरभरून बोलते आणि पाचव्या कॉन्स्टंटाइनचे चरित्र त्याच्या शत्रूंच्या तोंडूनच ऐकावे लागते.

पण विजयी पक्षातच फूट पडली. हिएरियाचा ठराव मानणाऱ्या बिशपांनी पश्चात्ताप व्यक्त करताच तारासिओसने त्यांना पदावर राहू दिले, आणि कडव्या साधूंना हे रुचले नाही. ७९५ मध्ये इरिनीचा मुलगा सम्राट सहावा कॉन्स्टंटाइन याने पत्नीला मठात धाडून थेओदोती नावाच्या दरबारी स्त्रीशी लग्न केले. तारासिओसने विधी स्वतः केला नाही. पण ज्या पाद्र्याने केला त्याला तेव्हा शिक्षाही दिली नाही. साक्कुदिओन मठाचा प्रमुख प्लातोन आणि त्याचा भाचा थेओदोर यांनी याला व्यभिचार म्हटले. नवी राणी खुद्द थेओदोरच्या नात्यातली होती, तरी त्याने माघार घेतली नाही आणि हद्दपारी पत्करली. तो पुढे राजधानीतील स्टुडिओस मठाचा प्रमुख झाला. शिस्त, शेती, ग्रंथलेखन आणि शेकडो पत्रांचा व्यवहार यांच्या बळावर त्याने तो मठ साम्राज्यातील एक स्वतंत्र शक्ती बनवला.

तारासिओसनंतर ८०६ मध्ये आलेला निकेफोरोस हाही गृहस्थ, सचिव आणि विद्वान होता. त्याचे आणि थेओदोरचे जमत नव्हते. ८०९ मध्ये जुन्या लग्नाच्या प्रकरणावरूनच थेओदोर पुन्हा हद्दपार झाला. त्यांना एकत्र आणले ते बल्गारांच्या तलवारीने. ८११ मध्ये खान क्रुमने सम्राटालाच युद्धात मारले आणि ८१३ मध्ये बायझंटाइन सैन्याचा पुन्हा दारुण पराभव केला. पाचव्या कॉन्स्टंटाइनने बल्गारांना वारंवार झोडपले होते, हे लोक विसरले नव्हते. त्याच वर्षी काही जण त्याच्या थडग्यापाशी शिरले आणि उठून राज्य वाचव, अशी हाक मारू लागले. नवा सम्राट पाचवा लिओ हा सेनापती. प्रतिमा मोडणारे सम्राट गादीवरच मरण पावले आणि प्रतिमा मानणारे पदच्युत झाले किंवा रणात पडले, हा हिशेब त्याला पटला.

८१४ मध्ये लिओने विद्वान जॉन ग्रामॅटिकोस याच्याकडे जुन्या ग्रंथांतून प्रतिमाविरोधी आधार शोधण्याचे काम दिले. निकेफोरोसने बिशप आणि मठाधिपती जमवून प्रतिकार केला. श्रद्धेचे प्रश्न चर्चने सोडवायचे, सम्राटाने राज्य आणि सैन्य पाहावे, असे थेओदोरने लिओला तोंडावर सुनावल्याचे सांगतात. मार्च ८१५ मध्ये निकेफोरोसला हटवले गेले. त्याच महिन्यात झावळ्यांच्या रविवारी थेओदोरच्या साधूंनी प्रतिमा उंच धरून मठाच्या द्राक्षमळ्यातून मिरवणूक काढली. लवकरच नव्या पॅट्रिआर्कच्या सभेने हिएरियाचे ठराव बऱ्याच सौम्य शब्दांत पुन्हा मान्य केले. प्रतिमांना मूर्ती म्हणण्याचे तिने टाळले. निकेफोरोसने उरलेली वर्षे मठात बसून प्रतिमाविरोधकांचे मुद्दे खोडणारे ग्रंथ लिहिले. थेओदोरला तुरुंगांत फटके खावे लागले, आणि तेथूनही तो पत्रे पाठवत राहिला.

८२० च्या नाताळात राजवाड्याच्या प्रार्थनागृहात लिओचा खून झाला. त्याच्यानंतरच्या दुसऱ्या मिखाएलने वाद थंड ठेवायचे ठरवले. ८२४ मध्ये फ्रँक राजा लुई याला धाडलेल्या पत्रात त्याने प्रतिमाभक्तांची तक्रार केली आहे: लोक प्रतिमांनाच मुलांचे धर्मपालक करतात आणि काही पाद्री प्रतिमांचा रंग खरवडून प्रभुभोजनात मिसळतात. त्याचा मुलगा थेओफिलोस जॉन ग्रामॅटिकोसचा शिष्य. त्याने गुरूला पॅट्रिआर्क केले आणि पॅलेस्टाइनहून आलेल्या दोन साधू बंधूंच्या कपाळावर निंदेचे श्लोक गोंदवले. मात्र प्रतिमाबंदीला आता पूर्वीचा लष्करी आधार उरला नव्हता. ८३८ मध्ये अरबांनी थेओफिलोसच्या घराण्याचे गाव अमोरिओन उद्ध्वस्त केले आणि देव प्रतिमा मोडणाऱ्यांना यश देतो, हा युक्तिवाद कोसळला.

थेओफिलोस ८४२ मध्ये वारल्यावर त्याची विधवा थेओदोरा राज्य पाहू लागली. मार्च ८४३ मध्ये जॉनला हटवून मेथोदिओसला पॅट्रिआर्क केले आणि उपवासकाळाच्या पहिल्या रविवारी प्रतिमा चर्चमध्ये परत आल्या. पूर्वेकडील चर्चमध्ये तो दिवस दरवर्षी पाळला जातो. मृत पतीला शाप मिळू नये, ही थेओदोराची अट मान्य झाली. जॉनच्या वाट्याला मात्र तशी दया आली नाही. नवव्या शतकातील ख्लुदोव स्तोत्रग्रंथाच्या समासात तो विस्कटलेल्या केसांनी ख्रिस्ताच्या प्रतिमेवर चुना फासताना दाखवला आहे, आणि जवळच क्रूसावरील ख्रिस्ताला आंब दिली जात आहे.

तारासिओसची सौम्यता मेथोदिओसने गिरवली नाही. प्रतिमाविरोधकांनी दीक्षा दिलेले धर्माधिकारी त्याने मोठ्या संख्येने काढले. तरी स्टुडिओसच्या साधूंशी त्याचे बिनसलेच. थेओदोरने तारासिओस आणि निकेफोरोस यांच्याविरुद्ध जे लिहिले त्याचा धिक्कार करा, अशी त्याची मागणी होती आणि ते त्याला तयार नव्हते. ८४७ मध्ये मेथोदिओस गेला, तेव्हा हा तंटा तसाच होता. साधूंना चालेल असा इग्नातिओस आसनावर आला; ८५८ मध्ये त्याला दूर सारून तारासिओसच्या नात्यातला विद्वान गृहस्थ फोतिओस आठवडाभरात दीक्षा घेऊन पॅट्रिआर्क झाला. आया सोफियाच्या कमानीखाली मरियेचे नवे मोझेइक उघडले गेले, तेव्हा २९ मार्च ८६७ रोजी प्रवचन त्यानेच केले. त्याच वर्षी सम्राट बदलला आणि फोतिओस हटला. ८६९–७० च्या सभेने त्याला दोषी ठरवले आणि गृहस्थाला बिशप व्हायचे असेल तर खालच्या पायऱ्यांवर मिळून दहा वर्षे काढावी लागतील, असा नियम केला. प्रतिमांसाठी लढलेले तारासिओस आणि निकेफोरोस या नियमाने कधीच पॅट्रिआर्क झाले नसते. ८७७ मध्ये इग्नातिओस वारल्यावर सम्राटाने फोतिओसलाच परत बोलावले, आणि ८७९–८० च्या सभेने आधीच्या सभेचा निकाल रद्द केला.