कमानीवरचा लेख आणि कमानीखालचा माणूस

जून २०२३ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या बेडग गावी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या नावाची कमान ग्रामपंचायतीने पाडली. पुढच्याच महिन्यात तिथली दलित कुटुंबे गाव सोडून मुंबईच्या दिशेने पायी निघाली. तेव्हा पुष्कळ सुशिक्षितांनी विचारले, एका कमानीसाठी गाव सोडायचे? चार विटांचा तो प्रश्न! विचारणाऱ्यांत इतिहास शिकवणारेही होते, याचे मला नवल वाटले. कमानीचा इतिहास ज्या शहरात सर्वांत उघडपणे वाचता येतो ते रोम. म्हणून तिथूनच सुरुवात करतो.

इ. स. पूर्व १९६ मध्ये स्पेनची लूट घेऊन परतलेल्या लुसियस स्टर्टिनियसने त्याच लुटीतून रोममध्ये कमानी उभारल्या, असे लिव्ही हा इतिहासकार नोंदवतो. चौथ्या शतकातल्या शहरवर्णनात संगमरवरी कमानींचा आकडा ३६ दिला आहे. दार हे भिंतीला असते. या कमानींना बहुधा भिंतच नव्हती. आत-बाहेर काही नसताना दार उभे करायचे ते येणाऱ्या-जाणाऱ्याला माथ्यावरचा लेख वाचायला लावण्यासाठी.

आज उभ्या असलेल्यांपैकी टायटसची कमान मला सर्वांत बोलकी वाटते. इ. स. ७० मध्ये टायटसने ज्यूंचे बंड मोडून जेरुसलेम घेतले. त्यांचे मंदिर जळाले. पुढच्या वर्षी रोममध्ये सम्राट व्हेस्पेशियन आणि त्याचा मुलगा टायटस यांची विजययात्रा निघाली. बंडाचा एक पुढारी सिमोन बार गिओरा याला गळ्यात दोर घालून तीत ओढत नेले. ज्युपिटरच्या देवळापाशी यात्रा थांबली, ती सिमोनला मारल्याची वार्ता येईपर्यंत. वार्ता आल्यावर जयघोष झाला. हे लिहून ठेवणारा जोसेफस स्वतः ज्यू, आधी बंडातला सेनानी, मग रोमनांना मिळालेला. (असे इतिहासकार आपल्यालाही परके नाहीत.) आणि एक गोष्ट. ज्यू आपल्या मंदिराला वर्षाला दोन द्राख्मा देत. मंदिर गेले, पण तो कर गेला नाही. तो आता रोमच्या ज्युपिटरसाठी वसूल होऊ लागला.

टायटस इ. स. ८१ मध्ये मेला. नंतर ही कमान उभी राहिली. एकाच दाराची, सुमारे १५ मीटर उंच. वर लेख एवढाच, की सेनेटने आणि रोमच्या जनतेने ती दैवी टायटसला अर्पण केली. घडवणाऱ्यांचा उल्लेख नाही. आत एका बाजूला रथारूढ टायटस, दुसऱ्या बाजूला मंदिरातली लूट: सात फाट्यांची समई, मेज, कर्णे. मी रोमला गेलेलो नाही. या शिल्पाचे छायाचित्र दरवर्षी वर्गात दाखवतो. मुले हमखास म्हणतात, समई वाहणारे हे पकडलेले ज्यू. मग मी त्यांना त्या माणसांची डोकी पाहायला सांगतो. डोक्यांवर विजयाची पाने आहेत. ते रोमनच आहेत. जेत्याने कोरलेल्या या देखाव्यात हरलेल्याला हमालाचीही जागा नाही!

टायटसची दुसरी एक कमान रथशर्यतीच्या मैदानात होती. तिच्यावर लिहिले होते की त्याच्याआधी कोणत्याही सेनापतीला, राजाला जेरुसलेम घेता आले नव्हते. हे धडधडीत खोटे. रोमचाच सेनापती पॉम्पी याने ते इ. स. पूर्व ६३ मध्ये घेतले होते. दगडात कोरले म्हणून खरे, असे मानणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे.

पुढे रोम ख्रिस्ती झाले, पण ज्यूंचे भोग सरले नाहीत. १५५५ मध्ये पोप चौथ्या पॉलने त्यांना कोंडवाड्यासारख्या वस्तीत घातले. रात्री तिची दारे बंद होत. नवा पोप मिरवत निघाला की टायटसच्या कमानीपासून कोलोसियमपर्यंतचा रस्ता शृंगारण्याचे काम ज्यूंकडे असे. हे वाचताना मला आमच्या गावची वेस आठवली. आमच्या घराण्याकडे वेसकरकी होती. सणाला वेशीवर तोरण बांधायचे ते मांगवाड्यातल्या माणसाने. तोरण त्याच्या हातचे चाले, माणूस चालत नसे. ज्यांनी वेस राखली, सजवली आणि वेशीबाहेरच राहिले, त्यांनी तिथे आपल्या माणसाचे नाव लिहायचे ठरवले, की मगच कोणाला विटा मोजण्याचे सुचते.

रोमच्या ज्यूंनी मात्र एक शिरस्ता पाळला. त्या कमानीखालून जायचे नाही. काही पावलांचा वळसा, पण पिढ्यान् पिढ्या घातलेला.

बांधणीबद्दल थोडे. कमानीचे पाचरीसारखे दगड एकमेकांना रेटून उभे राहतात. मधला, चावीचा दगड बसेपर्यंत खाली लाकडी सांगाडा लागतो. मग तो काढून टाकतात. भार दोन्ही बाजूंच्या जाड पायांवर उतरतो. सगळे पेलल्याचा आव आणणारे दर्शनी कोरीव खांब मुख्यतः शोभेचे असतात. (समाजरचनेवर बोलण्याचा मोह आवरतो.) मध्ययुगात फ्रांजिपानी सरदारांनी टायटसची कमान आपल्या गढीत घेतली होती. १८२० च्या सुमारास जोसेप्पे व्हालादिएर या वास्तुकाराने तिची डागडुजी केली. पडलेल्या भागांसाठी संगमरवर न वापरता त्याने ट्रॅव्हर्टिन हा वेगळा दगड लावला. त्यामुळे जुने कोणते, नवे कोणते हे आजही दिसते. आपल्याकडे जुन्यात नवे मिसळून सगळेच सनातन म्हणून विकणाऱ्यांना हा प्रामाणिकपणा झेपणार नाही.

इ. स. २०३ ची सेप्टिमियस सेव्हेरसची कमान पार्थियन युद्धांतल्या विजयाची. तिच्या खांबांच्या बैठकींवर पार्थियन कैदी कोरले आहेत. लेखात सम्राटाच्या दोन्ही मुलांची, काराकाला आणि गेटा यांची नावे होती. २११ मध्ये काराकालाने भावाचा खून करवला आणि लेखातले त्याचे नाव काढून तिथे आपल्याच स्तुतीचे शब्द बसवले. पण अक्षरे धातूची, दगडात ठोकून बसवलेली. जुन्या अक्षरांची भोके राहिली, आणि त्यांवरून पुसलेले नाव पुन्हा वाचता आले.

कॉन्स्टंटाइनची कमान ३१५ ची, रोमनांनी रोमनांवरच मिळवलेल्या विजयाची. तिच्यावरची बरीचशी शिल्पे जुन्या सम्राटांच्या स्मारकांतून उचललेली, काहींचे चेहरे नव्याने कोरलेले. वर आठ डेसियन कैद्यांचे पुतळे आहेत, तेही ट्रेजनच्या काळातले. सम्राट बदलला, कैदी तेच चालले.

२९ नोव्हेंबर १९४७ ला संयुक्त राष्ट्रांनी पॅलेस्टाइनच्या फाळणीचा ठराव केला. त्यानंतर डिसेंबरमध्ये रोमचे ज्यू टायटसच्या कमानीपाशी जमले आणि विजययात्रेच्या उलट दिशेने तिच्याखालून चालत गेले. त्यांनी दगडाला हात लावला नाही. १९४९ मध्ये इस्राएलने राजचिन्हावर घेतलेली समई याच शिल्पातली. त्या राज्याच्या उभारणीत सात लाखांच्या आसपास पॅलेस्टिनी बेघर झाले, हेही त्याच समईच्या उजेडात पाहिले पाहिजे. कालचा बहिष्कृत आज कोणाला वेशीबाहेर ठेवतो, हे विचारायला आपण कचरू नये.

भीमा कोरेगावचा स्तंभ इंग्रजांनी आपल्या १८१८ च्या विजयासाठी उभारला होता. १ जानेवारी १९२७ ला बाबासाहेब तिथे गेले. आता दर १ जानेवारीला तिथे येणारी माणसे इंग्रजांचा विजय वाचत नाहीत; ती शेवटी ‘नाक’ असलेली नावे शोधतात.