बटतलाच्या पुस्तकांची कुळकथा

बंगालीतील स्वस्त रंजक पुस्तकांचे मूळ इंग्रजी रहस्यकादंबऱ्यांत शोधण्याचा प्रघात असला, तरी कालक्रम त्याला अनुकूल नाही. इंग्रज कादंबरीकार रेनॉल्ड्सच्या लंडनविषयक रहस्यमालिकेचा आरंभ १८४४ मधला. त्याआधी सुमारे पाव शतक उत्तर कलकत्त्याच्या शोभाबाजार-चितपूर भागात विश्वनाथ देव यांचा छापखाना सुरू झाला होता, आणि तेथील एका वडावरून ‘बटतला’ म्हणजे ‘वडाखालचा’ हे नाव पुढे सबंध व्यवसायालाच पडले. त्याचीही पूर्वपीठिका आहे. श्रीरामपूरच्या मिशन छापखान्यात जुळारी म्हणून काम केलेल्या गंगाकिशोर भट्टाचार्य यांनी १८१६ मध्ये कवी भारतचंद्रांचे ‘अन्नदामंगल’ सचित्र छापले, आणि त्या काव्यातील विद्या व सुंदर यांची शृंगारकथा, जी नदियाच्या राजदरबारी रचली गेली होती, ती पैसे मोजणाऱ्या कोणालाही उपलब्ध झाली. पुढे ज्या शृंगाराला भद्रलोकांनी, म्हणजे सुशिक्षित उच्चवर्णीय मध्यमवर्गाने, बाजारू ठरवले, त्याचे माहेर असे दरबारी होते.

या व्यवसायाला खरा आधार मात्र पंचांगाचा होता. जेम्स लाँग या पाद्र्याच्या पाहणीनुसार १८५७ मध्ये कलकत्त्याच्या ४६ छापखान्यांतून विक्रीसाठी ५,७१,६७० बंगाली प्रती निघाल्या, त्यांत लाखाहून अधिक पंचांगे होती. डोक्यावर गठ्ठे घेऊन गावोगाव हिंडणारे फेरीवाले पंचांगासोबत रामायण, प्रेमकथा आणि प्रहसनेही विकत. त्यामुळे दुकानात न जाणाऱ्या अंतःपुरातील स्त्रियांपर्यंतही हे वाङ्मय पोचले. अश्लील पुस्तकांविरुद्ध १८५६ मध्ये कायदा झाला खरा, पण तो या बाजाराला फार काळ आवरू शकला नाही.

१८७३ मध्ये तर बाजाराला वर्तमानातलेच कथानक मिळाले. पत्नी एलोकेशीचा तारकेश्वर मंदिराच्या महंताशी संबंध आल्यावरून नवीनचंद्र बॅनर्जी याने तिचा खून केला (हा नवीनचंद्र स्वतः कलकत्त्यातील एका छापखान्यात नोकरीला होता, हा योगायोगही विलक्षणच), आणि खटल्याच्या बातम्यांपाठोपाठ त्यावरची प्रहसने व चित्रे विक्रीस आली. गुन्ह्याच्या हकिकतीची ही गोडी वाचकाला आधीच लागलेली असल्याने, कलकत्ता पोलिसांच्या गुप्तहेर खात्यातील प्रियनाथ मुखोपाध्याय यांनी १८९० नंतर ‘दारोगार दप्तर’ ही तपासकथांची मालिका सुरू केली, तेव्हा त्यांना नवा वाचक घडवावा लागला नाही.