तिरंदाजीचे लक्ष्य: माती, तणस आणि फोम

तिरंदाजीच्या सरावातील लक्ष्याला दोन कामे करावी लागतात. वेगाने आलेला बाण अडवायचा आणि अडवलेला बाण न मोडता, न वाकता परत द्यायचा. पहिले काम दगडी भिंतही करते, दुसरे तिला जमत नाही. लाकडाचा ओंडका बाण अडवतो, पण टोक असे घट्ट धरून ठेवतो की ओढताना दांडी तुटते. ही दोन्ही कामे करणाऱ्या साहित्याचा शोध हाच लक्ष्याचा इतिहास आहे. वर्धा जिल्ह्यासारख्या काळ्या मातीच्या, कापसाच्या आणि कडक उन्हाच्या मुलखात घरामागच्या अंगणात टिकाऊ लक्ष्य उभे करायचे असेल, तर निवडीचे बहुतेक निकष या इतिहासातच सापडतात.

सरावाच्या लक्ष्याचा एक जुना उल्लेख पाली त्रिपिटकात आहे. अंगुत्तर निकायात ध्यानाचा अभ्यास समजावताना धनुर्धराची उपमा येते. धनुर्धर किंवा त्याचा शिष्य आधी गवताच्या पुतळ्यावर किंवा मातीच्या ढिगावर सराव करतो आणि पुढे दूरवर अचूक मारा करू लागतो, असा तिचा आशय आहे. पुढची अनेक शतके जगभर जी दोन साहित्ये वापरली गेली, ती दोन्ही येथे एकत्र आली आहेत. धनुर्वेदाच्या परंपरेने लक्ष्याचा विचार वेगळ्या अंगाने केला. लक्ष्य स्थिर की हलते, मारणारा उभा की चालता, यावरून तिने लक्ष्याचे चार प्रकार मानले. महाभारतात द्रोणाचार्य शिष्यांची परीक्षा घेतात ती झाडाच्या शेंड्यावर ठेवलेल्या कृत्रिम पक्ष्यावर. म्हणजे परीक्षेसाठी मुद्दाम घडवलेले लक्ष्य ही कल्पनाही जुनीच आहे.

मातीचे लक्ष्य स्वस्त आणि सर्वत्र उपलब्ध होते. इंग्लंडमध्ये मध्ययुगात गावोगावी मातीचे आणि हिरवळीचे उंचवटे उभारले जात. १३६३ मध्ये तिसऱ्या एडवर्ड राजाने सुटीच्या दिवशी तिरंदाजीचा सराव सक्तीचा केला, तो अशाच उंचवट्यांवर चाले. जपानमध्ये वाळूत लाकडाचा भुसा मिसळून केलेला उतरता बांध आजही वापरात आहे. भुशामुळे वाळू घट्ट बसत नाही आणि टोक बोथट होत नाही. वर्ध्याच्या काळ्या मातीचा स्वभाव याच्या उलट आहे. पावसाळ्यात ती फुगून चिकट होते आणि उन्हाळ्यात आकसून दगडासारखी कडक होते, तिला भेगा पडतात. त्यामुळे या मुलखात मातीचा बांध घालायचा तर वाळू आणि भुसाच घ्यावा लागतो. काळी माती त्या कामाची नाही.

विदर्भातील रानात धनुष्याचे काम मुख्यतः शिकारीचे होते. गोंड आणि कोलाम समाजांत बांबूचे धनुष्य आणि लोखंडी टोकाचे बाण वापरात होते. शिकाऱ्याचे लक्ष्य हलते असते आणि बाण शाबूत परत मिळावा ही तिथे दुय्यम गोष्ट असते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकारीवर बंदी आली. त्याच्या आधी, १९७० मध्ये, वर्धा जिल्ह्यातील बोरचे जंगल अभयारण्य झाले होते आणि २०१४ मध्ये त्याला व्याघ्र प्रकल्पाचा दर्जा मिळाला. धनुष्याला आता रानात जागा उरली नाही. ते मैदानावर आले आणि तिथे त्याच्यासमोर कागदाचे रंगीत लक्ष्य उभे राहिले.

या लक्ष्याची घडण इंग्लंडमध्ये झाली. लंडनमध्ये १७८१ मध्ये रॉयल टॉक्सोफिलाइट सोसायटी स्थापन झाली आणि तिरंदाजी हा हौशी लोकांचा खेळ बनला. बाहेरून आत पांढरा, काळा, निळा, लाल आणि सोनेरी ही पाच रंगांची मांडणी याच परंपरेतून आली. रंगीत तोंडामागे असायची ती गवताची चकती. लांब काडाचे गवत ओले करून त्याचा मनगटाएवढा जाड पीळ वळायचा, मध्यापासून तो चक्राकार गुंडाळत जायचे आणि प्रत्येक वेढा मागच्या वेढ्याला जाड सुतळीने, लांब सुईने ताणून शिवायचा. चकतीची सगळी ताकद या ताणात असते. बाण आत शिरतो तेव्हा काड्या तुटत नाहीत, बाजूला सरकतात आणि दांडीला चहूबाजूंनी आवळून थांबवतात. बाण ओढून काढला की त्या पुन्हा जवळ येतात. शिवण सैल पडली की बाण आरपार जाऊ लागतो.

१९३१ मध्ये पोलंडमधील ल्वूव येथे, आजच्या युक्रेनमधील ल्विव्ह येथे, आंतरराष्ट्रीय तिरंदाजी महासंघ स्थापन झाला. त्याच्या नियमांत प्रत्येक रंगाचे दोन भाग होऊन एक ते दहा गुणांची वर्तुळे रूढ झाली. सत्तर मीटरवर १२२ सेंटिमीटर व्यासाचे तोंड, त्यात १२.२ सेंटिमीटरचे दहा गुणांचे वर्तुळ आणि जमिनीपासून १३० सेंटिमीटरवर मध्यबिंदू, ही आज जगभरची मापे आहेत. लक्ष्य किंचित मागे कललेले ठेवतात, म्हणजे वरून उतरत येणारा बाण त्यात सरळ शिरतो. १९७२ च्या म्युनिक ऑलिंपिकमध्ये हा खेळ परतला, १९७३ मध्ये भारतीय तिरंदाजी संघटना स्थापन झाली आणि १९८८ मध्ये सोल येथे भारतीय तिरंदाज प्रथमच ऑलिंपिकमध्ये उतरले. बांबूच्या धनुष्यालाही ‘इंडियन राऊंड’ या प्रकारात स्पर्धेतले स्थान मिळाले. मैदानावरच्या लक्ष्याच्या ठोकळ्याला खेळाडू आणि प्रशिक्षक ‘बट्रेस’ म्हणू लागले.

गवताच्या बट्रेसला लांब, लवचिक काड लागते. भाताचे तणस त्यासाठी उत्तम. पण भाताचा प्रदेश म्हणजे भंडारा, गोंदिया, गडचिरोली. वर्धा जिल्हा कापूस, तूर आणि सोयाबीनचा. सोयाबीनचे कुटार आखूड आणि चुरचुरीत असते, त्याचा पीळ वळत नाही. ज्वारीचा कडबा ताठ असल्याने वाकवताना मोडतो. पऱ्हाटी, म्हणजे कापसाची वाळलेली झाडे, तर लाकूडच. म्हणून वर्ध्यात गवताचे लक्ष्य करायचे तर तणस पूर्वेकडूनच आणावे लागते. आणल्यावरही ते जपावे लागते. पावसाळ्यात ते कुजते आणि जमिनीला टेकले तर वाळवी लागते.

कापसाच्या मुलखाला सुचणारा दुसरा पर्याय म्हणजे चिंध्या भरलेले पोते. हिंगणघाटचा कापूस इंग्रजी अमलापासून नावाजलेला आहे आणि प्रेसिंग फॅक्टरीत बांधली जाणारी रुईची गाठ जिल्ह्यातल्या प्रत्येकाने पाहिलेली असते. सैल रुईत बोट सहज शिरते, दाबलेल्या गाठीत शिरत नाही. लक्ष्याचेही तसेच आहे, बाण अडतो तो दाबामुळे. पोत्यात कापड ठासून भरले तर हलक्या धनुष्याचे बाण ते चांगले थोपवते आणि सहज सोडते. पण काही दिवसांत भराव खाली बसतो, वरचा भाग पोकळ होतो आणि पोते पुन्हा ठासावे लागते.

फोम आला तो प्लास्टिकच्या शोधातून. पॉलिएथिलीन १९३३ मध्ये इंग्लंडच्या आयसीआय कंपनीच्या प्रयोगशाळेत सापडले आणि पुढे त्यात हवेचे बंद बुडबुडे भरून हलका, पाणी न शोषणारा फोम तयार होऊ लागला. लक्ष्यासाठी त्याची गरज वाढली ती बाण बदलल्यामुळे. हॉलेस विल्बर ॲलन या अमेरिकी गृहस्थाला १९६९ मध्ये कंपाऊंड धनुष्याचे पेटंट मिळाले आणि कप्प्या-तारांच्या या धनुष्याने बाणाचा वेग बराच वाढवला. १९८० च्या दशकापासून कार्बनचे बारीक बाण आले. टोके पुढे वळलेल्या रिकर्व्ह धनुष्याचा वीस ग्रॅमचा बाण सेकंदाला साठ मीटर वेगाने गेला तर त्यात सुमारे ३६ जूल ऊर्जा असते. कंपाऊंडचा तेवीस ग्रॅमचा बाण पंच्याऐंशी मीटर वेगाने गेला तर ती ८३ जूल होते. ऊर्जा दुपटीहून जास्त आणि दांडी बारीक, त्यामुळे गवताच्या काड्या बाजूला सारून बाण आरपार जाऊ लागले.

फोमचे लक्ष्य दोन प्रकारे बनते. एकात सलग ठोकळा असतो. दुसऱ्यात फोमच्या पट्ट्या एकावर एक रचून दोन फळ्यांमध्ये बोल्टने किंवा पट्ट्याने आवळतात आणि बाण त्यांच्या कडांवर मारतात. थरांच्या लक्ष्यात बाण दोन पट्ट्यांच्या मधून किंवा पट्टी चिरून शिरतो आणि घर्षणाने थांबतो. घर्षणाने दांडी तापते. वेगवान बाणाला कधी वितळलेला फोम चिकटतो आणि तो ओढणे जड जाते. म्हणून दांडीला साबण किंवा सिलिकॉन लावण्याची पद्धत आहे. रुंद पात्याच्या शिकारी टोकाने फोम कापला जातो, साध्या निमुळत्या टोकाने तो बाजूला सरतो. त्यामुळे सरावाला नेहमी साधे टोकच वापरावे.

या वेगवान बाणांच्या काळात महाराष्ट्र जगाच्या पुढच्या रांगेत आला. ऑगस्ट २०२३ मध्ये बर्लिनच्या जागतिक स्पर्धेत साताऱ्याची अदिती स्वामी आणि वर्ध्याशेजारच्या नागपूरचा ओजस देवतळे कंपाऊंडमध्ये विश्वविजेते झाले. अंतिम सामन्यात ओजसने १५० पैकी १५० गुण मिळवले, म्हणजे पन्नास मीटरवरचे पंधराही बाण दहाच्या वर्तुळात. इतकी अचूकता आली की लक्ष्याची झीज एकाच जागी होते. सगळे बाण मध्यभागी लागल्याने तिथला फोम आधी निकामी होतो आणि कडा कोऱ्या राहतात. मधला तुकडा बदलता येणारे लक्ष्य यावरचा उपाय आहे.

वर्ध्यात मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या पुढे जातो आणि पावसाळ्यात सरासरी सुमारे १००० मिलिमीटर पाऊस पडतो. बंद बुडबुड्यांचा फोम पावसाने कुजत नाही, पण उन्हातल्या अतिनील किरणांनी ठिसूळ होतो आणि कडक उन्हात मऊ पडतो. त्यामुळे अंगणातल्या लक्ष्यावर छप्पर किंवा झाडाची सावली हवी, खाली विटांचा आधार हवा आणि सराव संपला की ताडपत्रीचे झाकण हवे. बांबूच्या किंवा हलक्या रिकर्व्ह धनुष्याला ठासलेले पोते किंवा मध्यम घनतेचा सलग ठोकळा पुरतो. कंपाऊंडसाठी आवळता येणारे, जास्त घनतेचे आणि मधला भाग बदलता येणारे थरांचे लक्ष्यच घ्यावे. दर काही आठवड्यांनी बोल्ट कसावेत आणि रंगीत तोंड वर-खाली, डावी-उजवीकडे सरकवावे, म्हणजे झीज वाटली जाते. लक्ष्याच्या मागे वाळूचा बांध किंवा सैल टांगलेली जाड जाळी असावी आणि त्यापलीकडे माणसांचा वा जनावरांचा वावर नसावा. उघडी भिंत मागे असेल तर चुकलेला बाण फुटून उलटतो. लक्ष्य विकत घेण्यापूर्वी आपल्याच धनुष्याने आणि बाणाने त्यावर काही नेम मारून पाहावेत. बाण पुरेसा अडत असेल आणि दोन बोटांच्या ओढीने सुटत असेल, तर ते लक्ष्य घ्यावे. या दोन्हींपैकी एक जरी गोष्ट जमत नसेल, तर स्वस्तात मिळाले तरी घेऊ नये.